मी खरखरलो, ते मुद्दाम

हो, मी माईक बोलतोय. माद्रिदच्या एका डबिंग स्टुडिओतला, जाड जाळीचा, जुना माईक. कौतुक ऐकायला बसला असाल तर उठा बुवा. मला माझी लाज सांगायची आहे.

माझ्या उमेदीच्या काळात आमच्याकडे शूटिंगच्या वेळचा आवाज कुणी वापरतच नसे. सगळं नंतर स्टुडिओत बोलून घ्यायचे. नटीचा आवाज पसंत पडला नाही, तर तिच्या चेहऱ्याला दुसरीच बाई आवाज द्यायची. बहुतेकदा ती बाई म्हणजे लेओनोर. तिचं बोलणं इस्त्री केलेलं, एक सुरकुती नाही. तिच्यामुळे मीही शेफारलो होतो. गावाकडचा कुणी समोर आला की मला अगदी नको व्हायचं.

अशात एका हिवाळ्यात विर्तुदेस आली. दूर दक्षिणेच्या किनाऱ्यावरच्या, आल्मेरियाकडच्या कोळ्याची पोर. पहिलाच सिनेमा, आणि त्यात सरदाराच्या मुलीचं काम.

तिची दोन वाक्यं ऐकून दिग्दर्शक फाउस्तो ओरडला, "अगं बाई! चेहरा राणीचा आणि बोलणं मासळीबाजारातलं! निम्मा शब्द घशातच राहतोय. लेओनोरला बोलवा रे!"

विर्तुदेस जागची हलली नाही. "साहेब, हात जोडते. माझ्या आईची नजर गेलीय. शेजारणीचा हात धरून ती सिनेमाला येणार आहे. तिला मी दिसणार नाही हो, नुसती ऐकूच येणार!"

फाउस्तो तोंडाचा फटकळ, पण मनाचा वाईट नव्हता. डोकं खाजवत तो म्हणाला, "बरं, एकदा बोल. एकदाच हं. बेनिग्नो, घे रे रेकॉर्ड करून."

ती बोलली. काय सांगू, जीव ओतून बोलली. आणि मी? मला तिच्या तोंडचा तो गावंढळ हेल सहन झाला नाही. लेओनोरची सवय झालेला मी, नाक मुरडलं आणि मुद्दाम खरखरलो. एकदा नाही, तीनदा.

काचेपलीकडे आमच्या ध्वनिमुद्रक बेनिग्नोने कानावरचे हेडफोन काढले. "आवाज फाटतोय हिचा, साहेब. नाही जमायचं."

विर्तुदेस शाल गुंडाळून निघून गेली. आणि मी मेला मनातल्या मनात खूश झालो!

लेओनोरच्या आवाजात सिनेमा लागला. वसंतात विर्तुदेस लेओनोरला भेटायला स्टुडिओत आली. भांडायला नाही, सहज.

"शेवटी मीच आईला सिनेमाला नेलं. शेवटपर्यंत बसली होती," ती म्हणाली. "माझा हात घट्ट धरून. दिवे लागले, लोक उठले, तरी ही उठेना. मला म्हणाली, 'पोरी, तुझं काम कधी येणार गं?'"

लेओनोरने हातातले संवादाचे कागद मिटून ठेवले. मला तर धरणीने पोटात घ्यावं असं झालं. पण झालेलं काही माघारी येत नाही.

पुढे विर्तुदेस टीव्हीवर गेली. तिथे नाटकं थेट चालायची, दुसऱ्याचा आवाज लावायला सवडच नसे. तिचा तोच हेल लोकांनी डोक्यावर घेतला. तिच्या मालिकेच्या वेळी गल्ल्या ओस पडायच्या म्हणे. पण तिची आई त्याआधीच्या थंडीत गेली होती. लेकीचा आवाज तिने पडद्यावरून कधीच ऐकला नाही.

मागच्या वर्षी स्टुडिओ बंद झाला. आठवण म्हणून हवं ते घेऊन जा, असं मालकाने जुन्या मंडळींना सांगितलं. ऐंशी ओलांडलेली विर्तुदेस काठी टेकत आली आणि तिने नेमकं मलाच उचललं.

आता मी तिच्या घरी, तिच्या आईच्या फोटोशेजारी असतो. रोज सकाळी कॉफी झाली की ती मऊ फडक्याने मला पुसते. म्हणते, "त्या सिनेमातला माझा आवाज तू तरी ऐकलास रे. माझाच आवाज फाटका, तुझा बिचाऱ्याचा काय दोष?"

बाबांनो, कुणी माद्रिदला गेलात तर तिच्या घरी जा. तिला सांगा, बाई, तुझा आवाज धडधाकट होता, खोट या माईकच्या मनात होती. मग तिने मला कचऱ्यात फेकलं तरी चालेल. पण तिचं ते रोजचं पुसणं आता सोसवत नाही.