उषाचं तोंड

परतूरच्या राधाकिसनचा हात म्हणजे हात होता, बरं का! बाहेरगावी चिनी मातीच्या कारखान्यात दहा वर्षं राबून आलेला गडी. घरामागं भट्टी लावून बाहुल्या करायचा. अशा देखण्या, की बाया जत्रेतून हौसेनं न्यायच्या अन् घरी गेल्यावर तोंड भिंतीकडं करून ठेवायच्या. त्या गोऱ्यापान चेहऱ्याकडं फार वेळ बघवायचंच नाही.

चौऱ्याहत्तरच्या उन्हाळ्यात त्याची धाकटी, तीन वर्षांची उषा, गोवरानं गेली. फोटो एकही नव्हता. तेव्हापासून त्याच्या बायकोनं, गोजरबाईनं, थोरल्या बेबीनंदाकडं धड पाहिलं नाही. दोघी बहिणींचा तोंडवळा एकच, पाहणार कशी? पण दहा वर्षांच्या लेकराला हे कोण समजावणार! आपलंच काही चुकलं, असं बेबीला वाटायचं. आईनं एकदा जवळ घ्यावं म्हणून तिचा जीव तुटायचा.

"मला माझी उषी करून द्या," गोजरबाईनं नवऱ्यामागं धोशा लावला. "जशी होती तशी, बराबर मापात."

राधाकिसननं आठवून आठवून चार तोंडं घडवली. चारी परकी. मग त्याला सुचू नये ते सुचलं. चिनी माती भट्टीत आटते. बेबीच्या तोंडावरून साचा घेतला, तर भाजल्यावर नेमकं उषाएवढं होईल.

बेबीला ओट्यावर निजवलं. नाकात कागदाच्या नळ्या, गालांना तेल, वरून ओलं प्लास्टर. घट्ट होताना ते तापतं.

"हलू नको, माय," आई म्हणाली. किती दिवसांनी बोलली! मग बेबी हलते होय? बिलकुल नाही.

भट्टी उघडली अन् राधाकिसनच दचकून मागं सरला. डोळे मिटलेली उषाच ती! तेच ओठ, तीच हनुवटी. गोजरबाईनं झडप घालून उचललं. पण कानापाशी तडा गेलेला होता. तोंडाचे तिच्या हातातच दोन तुकडे झाले.

ती रडली नाही. तिनं बेबीला मांडीवर ओढलं, दोन्ही हातांनी गाल चाचपले, पटापट मुके घेतले. बेबीला आभाळ ठेंगणं झालं.

"अवं, जल्दी करा," गोजरबाई नवऱ्याला म्हणाली. "हिचं तोंड मोठं व्हायच्या आत चार-पाच साचे काढून ठेवा. मंग ही काय कामाची?"

"अगं, लेकरू ऐकून राह्यलं!"

दुपारी आईनं स्वतः ताट वाढलं. बेबीनं अर्धी भाकरी खाल्ली, अर्धी परत केली.

"पुरे, आई," ती म्हणाली. "जास्त खाल्लं तर तोंड वाढंल माझं."