सातवा खिळा

“आधी ती फळी काढ,” आई म्हणाली. “कपडे, बूट, चष्मे, सगळं मागाहून बघू. ती फळी मात्र आता माझ्या डोळ्यांसमोर नको.”

बाबांना जाऊन तीन आठवडे झाले होते. मी घरातल्या बोळातच उभी राहिले. बॅरोमीटरच्या खाली ती फळी होती, ओकची, हातभर लांब. तिच्यावर सात पितळी खिळे ठोकलेले. सहा खिळ्यांवर एकेक लाल फीत लोंबत होती, प्रत्येक फितीच्या टोकाला बोटाएवढी पोलादी पिन. सातवा खिळा रिकामा. खाली कोरलं होतं : ‘जिल्दा केमेनर यास. मोजून घे.’

बाबा नौदलातून निवृत्त झाले त्या दिवशी जहाजावरच्या मित्रांनी ही भेट दिली होती. भेट कसली, थट्टाच. पण बाबांनी ती घरी आणली आणि आल्यागेल्याच्या नजरेत भरेल अशा जागी लावली. दर शनिवारी ते ती मऊ फडक्यानं पुसत. फितीच नव्हेत, तो रिकामा खिळासुद्धा.

“कुठे नेऊ?” मी विचारलं.

“ज्यांनी दिली त्यांनाच दे. आज ते जहाज भंगारात न्यायचंय ना? जमतील की सगळे म्हातारे. म्हणावं, तुमचा विनोद तुम्हाला लखलाभ.” आईनं पाठ फिरवली. “चाळीस वर्षं पाहुण्यांपुढे कॉफी ठेवलीय मी त्या फळीखालून जाऊन.”

मी फळी काढली. भिंतीवर तिच्या आकाराचा फिकट चौकोन राहिला.

*

मालाफॉन हे नाव आता फ्रेंच नौदलाच्या ब्रेस्त बंदरातही फार थोड्यांना आठवतं. ते पाणबुडीवर सोडायचं क्षेपणास्त्र होतं. दिसायला लहानशा विमानासारखं, आखूड पंखांचं, पुढे टॉर्पेडो बसवलेला. जहाजावरून ते झेपावायचं, दोन रॉकेटं गळून पडायची, मग पाण्याच्या थोडं वरून, इंजिनाशिवाय, घारीसारखं तरंगत जायचं. पाणबुडी जिथे लपली असेल तिथे हवाई छत्री उघडायची आणि टॉर्पेडो पाण्यात शिरायचा. पाणबुडीला आपला टॉर्पेडो जिथून मारता येत नाही, तिथून जहाज तिला गाठू शकायचं. माझ्या लहानपणी बाबा मला हे सांगत तेव्हा जेवणाच्या टेबलावरचा चाकू घारीसारखा फिरवत, आणि आई म्हणे, “जिल्दा, चाकू खाली.”

‘त्रेमाझान’ या विनाशिकेवर अशी तेरा क्षेपणास्त्रं होती. पंख लावलेली ती कोठारात मावत नसत. म्हणून पंख वेगळे ठेवलेले असत आणि उडवायच्या आधी माणसांनी ते हातांनी लावायचे. क्षेपणास्त्र सोडायच्या रॅम्पमागच्या पत्र्याच्या खोलीत, डुलत्या जहाजावर. त्या खोलीला सगळे पंखघर म्हणत. बाबा पंखघराचे प्रमुख होते. हाताखाली तीन माणसं.

पंख लावून झाले की सुरक्षेच्या सात पिना उपसायच्या. प्रत्येक पिनेला लाल फीत, म्हणजे विसरायला नको. पिन उपसणाऱ्यानं फीत खिशात घालायची नाही, कमरेला खोचायची नाही, खाली ठेवायची नाही. ती प्रमुखाच्या हातात द्यायची. क्षेपणास्त्र रॅम्पवर सरकलं की प्रमुखानं मूठ उघडून मोजायचं आणि फोनवर एकच शब्द बोलायचा : सज्ज. एखादी पिन आत राहिली तर छत्री उघडणार नाही आणि टॉर्पेडो सुटणार नाही. फार वाईट झालं तर रॉकेट गळणार नाही आणि पुढचं कुणाच्याच हातात राहणार नाही.

एकोणीसशे अठ्ठ्याहत्तरच्या जूनमध्ये बिस्केच्या उपसागरात सराव होता. पॅरिसहून तीन अ‍ॅडमिरल आले होते. खाली त्यांच्यासाठी लॉबस्टर शिजत होते. समुद्र खवळलेला होता, पण पाणबुडी सापडली होती. क्षेपणास्त्र रॅम्पवर सरकलं.

पुढचं संभाषण मी इतक्यांच्या तोंडून ऐकलंय की ते मला कविता पाठ असावी तसं पाठ आहे.

“पंखघर, सज्ज?”

“नाही. थांबा.”

“काय झालं?”

“फिती सहा आहेत, लेफ्टनंट.”

“पुन्हा मोजा.”

“मोजल्या. सहा.”

“केमेनर, पाणबुडी समोर आहे आणि माझ्या पाठीशी तीन अ‍ॅडमिरल उभे आहेत! पिना निघाल्यात की नाही?”

“निघाल्या असतील, लेफ्टनंट. माझ्या हातात सहा आहेत.”

रॅम्पवर गेलेल्या क्षेपणास्त्राजवळ जायची परवानगी नसते. ते मागे घेऊन तपासायला बावीस मिनिटं लागली. तेवढ्यात पाणबुडी निसटली. तपासलं तर सातही भोकं रिकामी! पिना सगळ्या निघालेल्या. पंखघर धुंडाळलं, सातवी फीत मिळाली नाही. लेफ्टनंट म्हणाला, माणसांचे खिसे उलटे करा. बाबा म्हणाले, “माझी माणसं चोर नाहीत.” अहवालात लिहिलं गेलं : प्रमुखाची मोजणी चुकली. त्या वर्षी मिळणारी बढती मिळाली नाही, नंतरही कधी मिळाली नाही. रकूव्रांस वस्तीतलं तिसऱ्या मजल्यावरचं घर आम्ही सोडणार होतो, ते सोडलं नाही. आणि बाबांना नवं नाव मिळालं : सहा.

बाजारात कोळीण ओरडायची, “काय रे सहा, खेकडे सहा देऊ की सात?” बाबा हसून म्हणायचे, “मोजून दे, बाई, मग सांगतो.” मला ते हसणं लहानपणी अजिबात आवडायचं नाही. मला वाटे, यांनी एकदा तरी चिडावं.

मी मोठी झाल्यावर एकदा विचारलं, “बाबा, पिना तर निघालेल्याच होत्या. एकदा सज्ज म्हटलं असतं तर काय बिघडलं असतं?”

ते वर्तमानपत्रातून मान वर न काढता म्हणाले, “काही नाही.” पान उलटलं. “त्या दिवशी काही नाही.”

*

तुग्दुआलकाकांना मी ल फाऊ गावाच्या पुलाजवळून गाडीत घेतलं. पंखघरातल्या तिघांपैकी आता तेवढेच उरलेले. ऐंशीला टेकलेले, हातात काठी, अंगावर इस्त्री केलेला निळा कोट. फळी मागच्या सीटवर होती. ती त्यांनी मागे वळून पाहिली आणि मांडीवर मागून घेतली.

“कुठे नेतेस ही?”

“परत द्यायला. आईला नकोय.”

“तुझी आई बरोबरच म्हणतेय,” ते म्हणाले. पुढचे दहा किलोमीटर त्यांचा अंगठा सातव्या खिळ्यावरून फिरत होता.

लांदेव्हेनेकला मी गाडी थांबवली. खाली ओन नदीच्या वळणावर जुन्या युद्धनौका बांधून ठेवतात. झाडीतून त्रेमाझानची डोलकाठी दिसत होती. मी किल्ली काढली तरी काका उतरेनात. त्यांनी आतल्या खिशातून रुमालाची घडी काढली आणि फळीवर ठेवली. रुमालात लाल फीत होती, विटून विटकरी झालेली. तिच्या टोकाला पिन.

“ही सातवी?” मी विचारलं.

“पंख निसटत होता,” काका म्हणाले. “लाट आली. दोन्ही हात हवे होते. फीत बाहीत खोचली. क्षणभरासाठी, पोरी. मग ती कोपरापर्यंत सरकली आणि मी विसरलो. जिल्दा फोनवर ‘सहा’ म्हणाला तेव्हा आठवलं. बोलायचा धीर झाला नाही. अ‍ॅडमिरल, लेफ्टनंट... मग वाटलं, आता सांगू, मग सांगू. मग अहवालच गेला.”

“बाबांना माहीत होतं?”

“अकरा महिन्यांनी सांगितलं. पंखघरातच, ग्रीस लावताना. म्हटलं, चल, आत्ता कॅप्टनकडे जाऊ. त्यानं एवढंच विचारलं, ‘आता फीत हातात देतोस ना?’ म्हटलं, देतो. म्हणाला, ‘मग झालं. ही टाकू नकोस, जवळ ठेव.’ आणि वर म्हणाला, ‘ते ग्रीस जरा कमी लाव, केकवर लोणी लावल्यासारखं काय लावतोयस.’”

मी खिडकीची काच खाली केली. मला राग आला होता, आणि तो कुणाचा ते ठरत नव्हतं. तिसऱ्या मजल्याच्या जिन्यावर पिशव्या घेऊन दम खात उभी राहणारी आई मला दिसत होती. बाबांनी तिलासुद्धा सांगितलं नव्हतं.

“तू सांग सगळ्यांना,” काका म्हणाले. “आज. त्यांच्यापुढे. मी उभा राहीन तुझ्या शेजारी. त्याचं नाव धुऊन निघू दे.”

मी काच पुन्हा वर केली.

“काका, ही फीत सापडली म्हणून बाबा बरोबर ठरणार असतील, तर ती सापडली नसती तर ते चूक ठरले असते. पिन निघाली होती की नव्हती, त्यांना ठाऊकच नव्हतं. हातात सहा होत्या. त्यांनी सहा सांगितल्या.” माझा आवाज मला वाटला त्यापेक्षा कोरडा निघाला. “मी नाही सांगणार. तुम्हाला तुमच्यासाठी सांगायचं असेल, तर ते तुमचं तुम्ही ठरवा.”

त्यांनी रुमालाची घडी पुन्हा घातली.

*

नदीवरच्या कठड्यापाशी तीसेक म्हातारे जमले होते. कुणी काठीवर, कुणी चाकाच्या खुर्चीत, सगळ्यांच्या छातीवर पदकं. सायडरच्या बाटल्या उघडल्या होत्या. खाली दोन टग बोटींनी त्रेमाझानला दोर लावले होते. तोफा कधीच काढून नेलेल्या; रॅम्प मात्र जागेवर होता, आभाळाकडे रोखलेला, रिकामा. रंगाचे पोपडे सुटले होते, तरी जहाजाचं पुढचं टोक असं काही उंचावलेलं होतं की मला ताठ उभं राहावंसं वाटलं.

“आली, सहाची पोरगी आली!” आर्मेल ओरडला. तो जहाजावरचा आचारी. त्यानं माझे दोन्ही गाल चुंबले. “तुझ्या बापापायी लॉबस्टर गार झाले हो! तीन अ‍ॅडमिरल आणि सॉस गोठलेला!”

“हे तू बाबांच्या अंत्यविधीलाही सांगितलंस, आर्मेल.”

“आणि माझ्याही अंत्यविधीला सांगणार आहे,” तो म्हणाला. मग हळूच, “चांगला माणूस होता गं.”

जहाजावरच्या जुन्या नौसैनिकांच्या संघटनेचे अध्यक्ष व्होद्रे पुढे आले. तेव्हाचे फोनवरचे लेफ्टनंट तेच. पुढे ते कॅप्टन झाले. त्यांच्या हातात यादी होती. जहाज जायच्या आधी शेवटची हजेरी घ्यायचा या लोकांचा रिवाज आहे. एकेका जागेचं नाव पुकारायचं. तिथला कुणी हयात असेल तर तो ‘सज्ज’ म्हणतो. कुणीच उरलं नसेल तर सगळे मिळून म्हणतात, ‘किनाऱ्यावर’.

“बॉयलर?”

“सज्ज!”

“रडार?”

नजरा इकडेतिकडे फिरल्या. मग तीस आवाज एकदम, “किनाऱ्यावर.”

“भटारखाना?”

“सज्ज, आणि लॉबस्टर गरम आहेत!” आर्मेल म्हणाला. हशा पिकला.

“पंखघर?”

सगळे तुग्दुआलकाकांकडे वळले. त्यांनी टोपी काढली. मी फळी छातीशी धरून शेजारी उभी होते.

“पंखघर?” व्होद्रे पुन्हा म्हणाले.

“थांबा,” काका म्हणाले.

कुणी तरी खुदकन हसलं. त्यांना वाटलं, जुनाच विनोद चाललाय. काकांनी रुमाल उघडला. फीत वाऱ्यावर फडफडली.

“सातवी माझ्याकडे होती, लेफ्टनंट. बाहीत. मोजणी चुकली नव्हती. मी बोललो नाही. जिल्दाला माहीत होतं, तोही बोलला नाही.”

आर्मेलच्या हातातला पेला तिरका झाला होता आणि सायडर त्याच्या बुटावर सांडत होता.

“गाढवा,” अखेर तो म्हणाला. “चाळीस वर्षं मी लॉबस्टरचा विनोद करतोय. एकदा लाथ घालायची होतीस मला.”

व्होद्रेंनी यादी खाली घेतली. ते माझ्यासमोर आले. फळीकडे बघत, माझ्याकडे न बघता, म्हणाले, “त्या दिवसानंतर मी दोन जहाजांचा कॅप्टन झालो, मादाम. पंखघराचा प्रमुख नेमताना दोन्ही वेळा मी एकच विचारलं, की हा माणूस मला नाही म्हणू शकेल का. हे मी केमेनरला एकदा तरी सांगायला हवं होतं.”

मग त्यांनी टोपी सारखी केली आणि यादी पुन्हा वर धरली.

“पंखघर?”

“सज्ज,” तुग्दुआलकाका म्हणाले.

जहाज सरकलं. वळणावर त्याची शेपटी झाडीआड जाईपर्यंत कुणी टोपी घातली नाही. फळी कुणी माझ्याकडे मागितली नाही, मीही दिली नाही. निघताना काकांनी स्वतःच ती फीत सातव्या खिळ्यावर अडकवली.

*

आई स्वयंपाकघरात बाबांचे बूट कागदात गुंडाळत होती. मी फळी टेबलावर ठेवली आणि सगळं सांगितलं. बाहीत खोचलेली फीत, ग्रीस, व्होद्रे काय म्हणाले ते. ती बुटाची नाडी बोटाला गुंडाळत राहिली.

“मलाही नाही सांगितलं,” शेवटी म्हणाली. “मी बाजारात जाऊन तुग्दुआलच्या बायकोच्या झिंज्या उपटल्या असत्या, म्हणून.”

“उपटल्या असत्यास?”

“दोन वेळा.” ती हसली. मग डोळे पुसले. मग चष्मा लावून फळीवर वाकली आणि एकेक फीत बोटानं मोजली. सातव्यापाशी थांबली. ती फीत तिनं खिळ्यावरून अलगद काढली आणि माझ्या हातात ठेवली.

“ही तुग्दुआलला परत दे,” ती म्हणाली. “जिल्दाच्या हातात सहाच होत्या.”

तिनं ओट्यावरचं मऊ फडकं घेतलं, फळी उचलली आणि बोळात गेली. भिंतीवरच्या फिकट चौकोनावर ती बरोबर बसली. मग आईनं आधी सातवा खिळा पुसला.