हिंटरलिंडेची एकोणीस नावं

दुसऱ्या महायुद्धाच्या शेवटी सिलेशिया प्रांत सोडून पळालेल्या जर्मनांच्या मेळाव्याची रीत अशी, की तिथल्या प्रत्येक गमावलेल्या गावाच्या नावाचं एक टेबल मांडायचं आणि ज्याने त्याने आपल्या गावाशी बसायचं. हिंटरलिंडेच्या टेबलाशी पूर्वी खुर्च्यांवरून भांडणं व्हायची. यंदा ऐंशी वर्षांची आल्विना क्लोझे एकटीच उरली होती. तरी वेडीने सवयीने परातभर खसखशीचा केक करून आणला होता.

नगरपालिकेचे सचिव ब्रुकनर हिंटरलिंडेच्या वीस मृतांची यादी घेऊन आले. त्या पळापळीत मेलेल्यांच्या स्मारकशिळेचा वाद तीन वर्षं चिघळला होता. कुणी म्हणे, युद्ध आपणच पेटवलं, आता हे रडगाणं कशाला कोरायचं? कुणी म्हणे, वाटेत मेलेली पोरं काय लढायला गेली होती? शेवटी तोड निघाली: नावं कोरायची, पण तपासून.

"क्लोझेबाई, एक नाव गाळावं लागेल. बेर्नहार्ड क्लोझे. हिटलरच्या पक्षाचा गावप्रमुख. त्याच्या चिठ्ठीवरून पोलिसांनी शाळामास्तरांना उचललं. ते परत आलेच नाहीत."

"ठाऊक आहे. माझे वडील ते. आणि मास्तरांनी मला लिहायला शिकवलं."

ब्रुकनरांनी तिने दिलेला केकचा तुकडा खाली ठेवला. "माफ करा. हवं तर गाववाल्यांशी बोलून घ्या."

"कुणाशी बोलू? खुर्च्यांशी?" ती म्हणाली. "आणि नाही गाळलं तर?"

"मग नगरपालिका गावाची अख्खी यादीच नाकारील. हिंटरलिंडेचं एकही नाव नाही."

म्हणजे ओटेलचंही नाही. तिच्या धाकट्या भावाचा ना फोटो होता, ना थडग्याचा पत्ता. तो होऊन गेला हे जगात फक्त तिला माहीत होतं, आणि तिचे आता किती दिवस राहिले होते? हे तिला सोसवेना.

तिने पेन मागून घेतलं आणि वडिलांच्या नावावर रेघ ओढली. रेघ अगदी सरळ आली, याचाच तिला राग आला.

ब्रुकनर हलक्या आवाजात म्हणाले, "ओटेल क्लोझेचं वय?"

"चार. पंचेचाळीसच्या जानेवारीत, पळताना, थंडीने गेला. पप्पांनी त्याला पाठीशी बांधलं होतं. तो गेल्यावरही दोन दिवस ते त्याला खाली उतरवू देईनात. तिसऱ्या दिवशी तेही रस्त्यात बसले, ते उठलेच नाहीत."

ब्रुकनर लिहायचे थांबले.

"गाठ बर्फाने घट्ट झाली होती," आल्विना म्हणाली. "आईला आणि मला ती सुटेना. तसेच पुरले दोघांना."