नमुन्याचा पाय

त्या दुकानात फक्त बायकांच्या चपला आणि सँडल मिळत, आणि सासूबाईंनी घालून बघितल्याशिवाय त्यातली एकही जोडी मांडणीवर चढत नसे.

या धंद्यात कारखाने सॅम्पल पाठवतात ते एकाच नंबरचं, मधल्या, सगळ्यात खपणाऱ्या नंबरचं. सासूबाईंचा पाय त्या नंबरात असा बसायचा, की साचा त्यांच्याच पायावरून काढला असावा. एवढ्या एका योगायोगावर त्यांनी तरुणपणी दुकान उभं केलं. बाकीचे दुकानदार सॅम्पल हातात घेत, वाकवून बघत, पट्टा ओढत आणि ऑर्डर देऊन मोकळे होत. सासूबाई ते घालून राहत. ओट्याशी उभं राहणं त्यातच, जिना चढणं-उतरणं त्यातच, भाजी आणायला जाणं त्यातच. मधेच एकदा नळाखाली मुद्दाम भिजवून ओलंच पुन्हा घालत. मग एखाद्या सकाळी जोडी काउंटरवर ठेवत आणि म्हणत, "घ्या." नाहीतर, "परत पाठवा." कारण विचारलं तर असं सांगत की कारखानदाराला खाली मान घालण्यावाचून गत्यंतर नसे. डाव्या पट्ट्याची शिवण आत दुमडली आहे, करंगळीला घासते. बक्कल एक भोक वर हवं. तळ मऊ आहे, पण चवड्याखाली महिनाभरात बसेल.

त्यांचा मुलगा म्हणायचा, आमच्या घरात सगळ्यात जास्त शिकलेलं कोण, तर आईचा उजवा पाय. तो स्वतः दुसरीकडे नोकरी करायचा आणि दुकानात केवळ असले विनोद करायला यायचा.

दुकान खऱ्या अर्थाने बघायची ती सून. माल मागवणं, मांडणं, गिऱ्हाईक, परत आलेल्या जोड्या, सगळं तिच्या अंगावर. हात चालू, तोंड गोड, हिशेबाला पक्की. एकच गोष्ट तिच्याकडे नव्हती, ती म्हणजे दुकानात चालेल असा पाय. तिचं पाऊल चांगलं लांबरुंद होतं. बायकांचा शेवटचा नंबरही तिला अंगठ्याशी दाबायचा. त्यामुळे चपलांच्या एवढ्या राज्यात राहून ती पुरुषांच्या जाड पट्ट्यांच्या चपला घालून वावरायची. त्याची तिला लाज वाटे, म्हणून ती शक्यतो काउंटरच्या मागेच उभी राहायची. सॅम्पलच्या बाबतीत तर तिने कधी तोंड उघडलं नाही. ज्या जोडीत आपलं पाऊल शिरत नाही तिच्याबद्दल काय बोलणार?

या दुकानाचं नाव टिकून होतं ते एका सँडलवर. तिला काही नाव नव्हतं, सगळे तिला 'रोजची' म्हणत. दोन रुंद पट्टे, मागे बक्कल, टाचेला बोटभर उंची. दिवसभर उभ्या राहणाऱ्या बायका ती न्यायच्या. शिक्षिका, दुकानांतल्या विक्रेत्या, दवाखान्यातल्या नर्स. पहिली झिजली की दुसरी न्यायला यायच्या, आणि येताना सोबत एखादी मैत्रीण आणायच्या. पण 'रोजची' बनवणारे म्हातारे कारागीर गेल्या वर्षी थकले आणि त्यांनी कारखाना बंद केला. तिच्या जागी सासूबाईंनी दुसरी एक जोडी पसंत केली, सुनेने भरपूर मागवली, आणि तिथून कटकटी सुरू झाल्या.

पहिली आली ती जवळच्या दवाखान्यातली सिस्टर. कित्येक वर्षांचं गिऱ्हाईक. तिने नवीन सँडल काउंटरवर ठेवली आणि स्वतःच्या टाचेवर जखमेला लावलेली पट्टी दाखवली. भांडली नाही, नुसतं विचारलं, "ही मावशींनी पास केलेली ना?" सुनेने हो म्हटलं. सिस्टर सँडल तिथेच ठेवून निघाली. तिचं ते न भांडणं सुनेला फार लागलं. मग एक शिक्षिका आली. मग आणखी दोघी. सुनेने आधी चामड्याला दोष दिला, मग एखादा लॉट खराब निघाला असेल म्हणून मनाची समजूत घातली. सासूबाईंच्या पायावर संशय घेणं तिच्या स्वप्नातही नव्हतं.

आता नवीन 'रोजची' शोधणं भाग होतं. ह्या खेपेला चुकलो तर त्या बायका परत येणार नाहीत, हे तिला स्वच्छ दिसत होतं. एका नवीन कारखानदाराने सॅम्पल पाठवलं, आठवडाअखेर ऑर्डर कळवा म्हणाला. सासूबाईंनी ते घातलं आणि चारच दिवसांत काउंटरवर आणून ठेवलं.

"घे डोळे मिटून," त्या म्हणाल्या. "पायात काही आहे असं वाटतसुद्धा नाही."

सासूबाई हल्ली सगळ्यालाच छान म्हणायला लागल्या होत्या. वयाबरोबर माणूस निवळतो, असं सुनेला वाटत होतं, आणि खरं सांगायचं तर तिला ते बरंही वाटत होतं. पूर्वी तिच्या भाजीतही त्या अशीच शिवण शोधायच्या.

जोडी खोक्यात भरताना तिचं बोट आत गेलं आणि तिने ते झटकन काढून घेतलं. उजव्या सँडलच्या टाचेत, आतल्या अस्तरातून एका बारीक खिळ्याचं टोक वर आलं होतं. त्याच्याभोवती तपकिरी डाग होता, वाळलेला. तिने डोळ्यांजवळ नेऊन बघितलं. रक्तच होतं.

तिचं डोकं तडकलं. फोन उचलून तिने कारखानदाराला फैलावर घेतलं. असलं सॅम्पल पाठवता, एखादीच्या पायात खिळा गेला तर कोण निस्तरणार, वगैरे वगैरे. तो गृहस्थ शांतपणे ऐकत होता. खिळ्याची चूक त्याने मान्य केली, माफी मागितली. मग चाचरत म्हणाला, "पण ताई, कालच मावशींचा फोन आला होता. म्हणाल्या, एवढी मऊ सँडल जन्मात घातली नाही."

सुनेने फोन खाली ठेवला. डाग वाळलेला होता, म्हणजे खिळा कालच्या आधीचा. त्या खिळ्यावर उभ्या राहून सासूबाईंनी स्वयंपाक केला होता, जिना चढल्या होत्या, भाजी आणली होती, आणि सँडल मऊ आहे म्हणून फोन केला होता. दुकानाचं शटर अर्धं ओढून घेऊन ती वर घरात गेली.

सासूबाई खिडकीशी खुर्चीत बसून शेंगा सोलत होत्या. सुनेने पाय दाखवा म्हटल्यावर त्यांनी ते खुर्चीखाली ओढून घेतले. आधी कानावर हात ठेवले, मग चिडल्या, माझ्या पायांची चौकशी कधीपासून सुरू झाली म्हणून. सुनेने सँडल त्यांच्या मांडीवर ठेवली आणि त्यांचं बोट धरून त्या टोकावर टेकवलं. त्यांनी दचकून हात मागे घेतला. मग बोटाचं टोक अंगठ्याने चोळलं.

"बोटाला टोचलं," त्या हळूच म्हणाल्या.

टाचेला चांगलीच जखम झाली होती. कडा लाल, मधे ओली. साखर त्यांना होतीच, गोळ्या चालू होत्या, पण पायाबद्दल त्यांनी डॉक्टरांकडे अवाक्षर काढलं नव्हतं. सून खाली फरशीवर बसून जखम धुवायला लागली. चोळलं तरी सासूबाईंच्या चेहऱ्यावर काहीच उमटत नव्हतं, आणि ते बघून तिला रडू यायला लागलं.

"कधीपासून, आई?"

"कळलंच नाही गं कधीपासून. आधी पायाच्या बोटांना कळेनासं झालं. मला वाटलं, चपलाच चांगल्या निघायला लागल्या." त्यांनी हसायचा प्रयत्न केला. "जी घालावी ती मऊ. म्हटलं, सुधारले कारखाने."

"आणि नंतर? नंतर तर कळलं असेल ना?"

त्यांनी सोललेल्या शेंगांचं ताट उगाच जवळ ओढलं. "कळलं. एकदा कढत पाण्यात पाय घातला आणि चटकाच बसला नाही, तेव्हा कळलं. पण सांगितलं असतं तर तू मला कशाला विचारलं असतंस? आजवर ह्या घरात मला लोकांनी विचारलं ते ह्या पायासाठीच. तो गेला म्हणजे मी खिडकीत बसून शेंगा सोलायच्या."

सुनेला त्यांचा मनस्वी राग आला. सिस्टरची ती पट्टी तिच्या डोळ्यांसमोर होती. आणि त्याच क्षणी तिला त्यांची इतकी दया आली, की दोन्हींचं काय करावं ते न कळून तिने जखमेवर दुसऱ्यांदा औषध लावलं.

वेळेवर आणलं म्हणून डॉक्टरांनी सुनेची पाठ थोपटली आणि सासूबाईंना झाडलं. अनवाणी एक पाऊल टाकायचं नाही, रोज तळवे आरशात बघायचे, पायात घालायचं ते पुढूनमागून बंद. आयुष्यभर सँडल विकलेल्या बाईला त्यांनी मोजे आणि बूट लिहून दिले. घरी आल्यावर मुलाने विनोद करायला तोंड उघडलं आणि आईकडे बघून मिटलं.

ऑर्डर मात्र तशीच लटकत होती. मुलगा म्हणाला, सगळे दुकानदार हाताने बघून घेतात, आपणही घेऊ. सुनेला ते पटेना. तिने कारखानदाराला सांगितलं, सॅम्पल पुन्हा पाठवा, पण माझ्या पायाच्या नंबरचं. तो म्हणाला, ह्या नंबरचं सॅम्पल कुणी काढत नाही ताई, साचाच नाही. तिने सांगितलं, मग काढा. तिच्या आवाजात काय होतं कोण जाणे, त्याने काढलं.

आयुष्यात पहिल्यांदा तिच्या पायात दुकानाची सँडल चढली. ती तिने दोन-तीन दिवस घरादारात वागवली. सासूबाई बूट घालून खुर्चीत बसल्या होत्या आणि काही विचारत नव्हत्या. शेवटी तिनेच जाऊन सांगितलं, "ठीक आहे."

"ठीक म्हणजे?"

"म्हणजे... चालतंय."

"चालवून घेतेस तू," सासूबाई म्हणाल्या. "जन्मभर दाबणारं घालून फिरलीस, तुला दुखतं कुठे ते तरी कळतं का? आण तो पाय इकडे."

सून मागे सरली. सासूच्या मांडीवर पाय ठेवायचा म्हणजे काय. पण त्यांनी तिचा घोटा धरून पाऊल सँडलसकट मांडीवर ओढलंच आणि अंगठा फिरवायला सुरुवात केली. इथे काय होतं, घासतं की रुततं? घासणं वेगळं, ते कातड्याला कळतं. रुतणं हाडाला कळतं. आणि इथे, चवड्याखाली? आता उभी राहा, भार टाक, पुन्हा सांग. सून डोळे मिटून शोधायला लागली. आधी सगळा पायच नुसता पाय वाटत होता. मग हळूहळू त्यात जागा दिसायला लागल्या.

"करंगळीच्या मुळाशी," ती म्हणाली. "चालताना नाही. जिना उतरताना. रुततं."

"आणि तळ?"

"तळ चांगला आहे. सकाळी घातल्या घातल्या जरा गार लागतो."

सासूबाईंचा अंगठा थांबला. "गार?"

"हो. मग होतो ऊबदार."

"हां," त्या म्हणाल्या. "लागतो. विसरलेच होते मी." त्यांनी तिचा पाय तसाच दोन्ही हातांत धरून ठेवला होता. सुनेने तो काढून घेतला नाही.

सँडल परत गेली. पट्टा सैल होऊन आली, पुन्हा गेली, बक्कल सरकून आली. तोवर आठवडाअखेर केव्हाच उलटून गेली होती, पण कारखानदार थांबला. सुनेने तिला हवी तशी जोडी काउंटरवर ठेवली आणि "घ्या" हा शब्द स्वतःच्या तोंडून ऐकून तिलाच कसंसं झालं. कुणाला सांगत होती, दुकानात तर त्या दोघीच होत्या.

माल मांडणीवर चढला त्या दिवशी तिने दवाखान्यात निरोप पाठवला. सिस्टर आली, पण दारातच थांबली. सासूबाई आत आपल्या स्टुलावर बसल्या होत्या, पायांत ते बंद बूट. सिस्टरने बूट पाहिले. नर्सच ती, तिला सांगावं लागलं नाही. तिने अवघडून सुनेकडे बघितलं. सुनेने ठरवलं होतं, कारखान्याची चूक म्हणून सांगायचं, आईंचं नाव मधे येऊ द्यायचं नाही. वाक्य तयार होतं.

"मावशींनी पास केली का?" सिस्टरने तरीही सवयीने विचारलं.

"मी नाही," सासूबाई म्हणाल्या. "माझा पाय गेला. ती चावणारी मीच पास केली होती. ही हिने केलीय." आणि सुनेला म्हणाल्या, "काउंटरच्या मागे काय उभी आहेस? पुढे ये, दाखव की पाय."

सून पुढे आली. तिच्या त्या लांबरुंद पावलात नवीन 'रोजची' होती, आणि सिस्टरने ती खाली वाकून नीट बघितली. मग आपल्या नंबरची नवी जोडी घातली, बक्कल लावलं, दुकानात या टोकापासून त्या टोकापर्यंत चालली, पायरीवरून उतरून पुन्हा चढली. सासूबाई मान पुढे काढून तिच्या पावलांकडे टक लावून बघत होत्या. इतक्या वर्षांत त्यांनी गिऱ्हाइकाला नेहमी सांगितलं होतं, विचारलं कधीच नव्हतं.

"चावते का गं कुठे?" त्यांनी विचारलं.