विंगेतली हेस्टर

शरद सरत आला होता. लंडनच्या आकाशात ऊन होते, पण आजाऱ्याच्या हसण्यासारखे. क्षीण, पांडुर, क्षणभर टिकणारे. चौकातल्या चिनारांची पाने गळत होती. घाई न करता गळत होती, गळण्याचाही कंटाळा आल्यासारखी गळत होती. पुलांखालून टेम्सचे करडे, शिशासारखे जड पाणी समुद्राकडे सरकत होते, आणि त्या पाण्यावर धुराचा एक मलूल, मंदगामी पदर ओढला जात होता.

त्या पिवळ्या, परतीच्या प्रकाशात खिडकीशी एक वृद्ध बसला होता. उजवा हात मांडीवर निश्चेष्ट. डोळे पानांवर. ओठ किंचित विलग, काही बोलायचे राहून गेल्यासारखे.

हा ऑगस्टिन थॉर्नबी. सारे इंग्लंड ज्याच्या शब्दांवर हसले, तो नाटककार.

पूर्व किनाऱ्यावरच्या धुक्याने वेढलेल्या, मिठाने खारावलेल्या एका गावात तो जन्मला. त्याची आई धक्क्यावर मासे विकायची आणि गिऱ्हाइकांना अशा खुमासदार शिव्या द्यायची, की माणसे भाव ऐकायला यायची आणि शिव्या ऐकत थांबायची. संवाद त्याला तिथे मिळाला. लाटांच्या आणि आईच्या आवाजात. ऐन तारुण्यात तो लंडनला आला. एका नाटकगृहात पडद्यांवर आकाश रंगवू लागला. दिवसभर निळे आकाश, गुलाबी आकाश, वादळी आकाश. आणि संध्याकाळी, रंगाने माखलेल्या बोटांनी, नाटक.

‘बिशपची छत्री’ रंगभूमीवर आले आणि शहर हसून हसून दमले. मग ‘सासऱ्याचा मोर’ आले. मग ‘नऊ वाजताची विधवा’. उमराव हसले, हमाल हसले, दुःखात बुडालेल्या विधवाही काळ्या जाळीआड हसल्या. त्याची वाक्ये दुकानांत, न्यायालयांत, मेजवान्यांत फिरू लागली. हर्षाचा हा निर्झर वर्षानुवर्षे वाहत राहिला. आणि तो वाहता ठेवताना आतला डोंगर किती झिजला, हे कोणाला दिसले नाही.

एका स्त्रीला मात्र दिसले होते. तिचे नाव हेस्टर.

हेस्टर चांभाराची मुलगी. नटांच्या भूमिका सुवाच्य अक्षरात उतरवून देण्यासाठी ती नाटकगृहात आली आणि प्रॉम्प्टर होऊन राहिली. विंगेच्या अंधारात उभे राहायचे, नट अडखळला की पुढचा शब्द हलकेच त्याच्या कानी घालायचा, एवढेच तिचे काम. ‘बिशपची छत्री’च्या पहिल्या प्रयोगाला नायक भर प्रवेशात गोठला. अंधारातून एक शब्द आला. तलम, धूसर, पिसासारखा. नायकाने तो उचलला आणि प्रेक्षागृह हशाने दणाणले. विंगेत घामाघूम उभ्या असलेल्या ऑगस्टिनला मात्र त्या हशापेक्षा तो पिसासारखा आवाजच अधिक ऐकू आला. पुढच्या वसंतात त्यांनी लग्न केले.

त्यानंतरही ती अंधारातच राहिली. प्रत्येक पहिल्या प्रयोगानंतर ऑगस्टिन दिव्यांच्या लखलखत्या उजेडात जाई, नायिकेचा हात धरून लवून नमस्कार करी, फुले झेली. विंगेत हेस्टर विखुरलेले कागद गोळा करी. उजेडाची कड तिच्या बुटांच्या टोकापाशी येऊन थांबे. ती कड तिने कधी ओलांडली नाही. ओलांडावी असे कोणी म्हटलेही नाही.

आणि मग दोन वर्षांपूर्वीच्या एका सकाळी, न्याहारी करताना, ऑगस्टिनच्या हातातून चमचा पडला. तो उचलायला वाकलेल्या हेस्टरकडे बघून तो म्हणाला, “घंटा.”

त्याला चमचा म्हणायचे होते.

त्या दिवसापासून त्याचे शब्द भरकटले. पाणी मागायचे असेल तर तो ‘मंगळवार’ म्हणे. खिडकी उघडायची असेल तर ‘टोपी’. डॉक्टर म्हणाले, पक्षाघात आहे, जीव वाचला हेच पुष्कळ. ज्याच्या जिभेवर भाषा नाचत होती त्या माणसाच्या तोंडी आता भाषा आंधळ्यासारखी चाचपडू लागली. हेस्टर त्याच्या डोळ्यांत पाहून अंदाज घेई, हळूच शब्द सुचवी. पाणी? नाही. शाल? नाही. उशी? हो, उशी. दिवसेंदिवस तेच. ती दमली होती. तोही दमला होता. दोघांचा थकवा त्या घरात संध्याछायेसारखा भिंतींवरून उतरत असे आणि दिवा लावला तरी जात नसे.

अशा एका दुपारी नाटकगृहाचा व्यवस्थापक, बार्नबी क्रेल, भेटायला आला. गुबगुबीत, मृदुभाषी, हातात हॅट फिरवणारा माणूस.

“बाईसाहेब, ‘बिशपची छत्री’ पुन्हा करतोय आम्ही. दुपारचा खास खेळ ठेवलाय. थॉर्नबीसाहेबांनी शेवटी फक्त रंगमंचावर यायचं. एखादा शब्द बोलले तर उत्तमच.”

“ते बोलू शकत नाहीत, मिस्टर क्रेल. तुम्हाला माहीत आहे.”

“नुसते उभे राहिले तरी लोक डोक्यावर घेतील.”

“लोकांना ते आठवताहेत तसेच आठवू देत. मोडलेला माणूस कशाला दाखवायचा?”

तेवढ्यात खिडकीशी खुर्ची करकरली. ऑगस्टिन उठून उभा राहिला होता. डाव्या हाताने त्याने आपल्या छातीवर थाप मारली. एकदा. पुन्हा एकदा. मग दाराकडे बोट दाखवले.

क्रेलचा चेहरा उजळला. “साहेब येणार म्हणताहेत!”

तो गेल्यावर हेस्टरने शाल उचलली. तिची घडी करत राहिली. उलगडत, पुन्हा घडी करत.

“अजून टाळ्या हव्यात तुला?” ती अखेर म्हणाली. “एवढ्या मिळाल्या, तरी भागलं नाही?”

ऑगस्टिनने मान हलवली. त्याने तोंड उघडले, मिटले, पुन्हा उघडले. “टोपी,” तो म्हणाला. “टोपी... टोपी...” आणि स्वतःच्याच शब्दाने जखमी झाल्यासारखा खाली बसला.

तिने अंदाज केले नाहीत. त्या दिवशी तिच्यात तेवढे बळ उरले नव्हते.

प्रयोगाचा दिवस उजाडला तो धुरकट, धूम्रवर्णी, दवाने ओथंबलेला. दुपारी नाटकगृह तुडुंब भरले. मखमलीच्या माणकासारख्या लाल खुर्च्या, सोनेरी सज्जे, रेशमाची सळसळ, अत्तराचा आणि ओल्या कोटांचा मिसळलेला वास. नाटक सुरू झाले आणि तोच हशा पुन्हा उसळला. तरुण, तुषारमय, तेजाळ. विंगेत नव्या प्रॉम्प्टरशेजारी हेस्टर उभी होती. तिचे ओठ प्रत्येक वाक्याबरोबर निःशब्द हलत होते. तिच्या खांद्याला टेकून ऑगस्टिन उभा होता आणि स्वतःची वाक्ये ऐकत होता. परक्या देशातल्या गाण्यासारखी, जिवलग आणि अगम्य.

नाटक संपले. नटांनी त्याला हाताला धरून उजेडात नेले.

सारे नाटकगृह उठून उभे राहिले. टाळ्यांचा तो गजर सज्जांवरून कोसळला, खाली फुटला, पुन्हा उसळला. ऑगस्टिन रंगमंचाच्या मधोमध उभा होता. कृश, शुभ्रकेश, डाव्या पायावर तोललेला. त्याने डावा हात वर केला. टाळ्या थांबल्या. हजार श्वास थांबले. इंग्लंडचा सगळ्यात विनोदी माणूस बोलणार होता.

विंगेत हेस्टरने डोळे मिटले.

“खुर्ची,” ऑगस्टिन म्हणाला.

आणि हास्याचा असा स्फोट झाला की झुंबरांचे लोलक किणकिणले. आम्ही सारे तुमच्यासाठी उभे, आणि तुम्हाला हवी खुर्ची! लोकांनी डोळे पुसले. तोच थॉर्नबी, तीच धार!

“खुर्ची,” तो पुन्हा म्हणाला. हसू आणखी उसळले.

“खुर्ची.”

तिसऱ्यांदा त्याचा ओठ वाकडा झाला, मानेची शीर ताठली, आणि पुढच्या रांगेतल्या लोकांना ते दिसले. हसू पुढून मागे विझत गेले. वर सज्जात कोणीतरी एकटेच हसत राहिले, मग तेही ओशाळून थांबले. आता त्या प्रकाशात एक म्हातारा उभा होता, त्याच्या गालांवरून घाम ओघळत होता, आणि हजार माणसांना कुठे बघावे ते कळत नव्हते.

दमला असेल, हेस्टरला वाटले. पाय गळाले असतील. तिने विंगेतली एक साधी लाकडी खुर्ची उचलली. मग समोर पाहिले. उजेडाची कड नेहमीसारखी तिच्या बुटांपाशी थांबली होती.

तिने ती ओलांडली.

दिव्यांचा प्रकाश तिच्या चेहऱ्यावर आदळला; उष्ण, आंधळा करणारा. करड्या लोकरीच्या साध्या पोशाखात, पिकले केस मागे बांधलेली ती बाई खुर्ची घेऊन आली, घाईत ऑगस्टिनमागे तिरकीच ठेवली आणि त्याचा दंड धरून हळूच म्हणाली, “बस आता. झालं.”

तो बसला नाही.

त्याने डाव्या हाताने खुर्ची वळवली. तिचे तोंड प्रेक्षकांकडे केले. मग तोच हात हेस्टरच्या खांद्यावर ठेवला आणि तिला खाली दाबले; मृदू, पण हट्टी, निश्चयी हाताने.

“अरे, मी नाही... तू बस,” ती पुटपुटली.

तो दाबत राहिला. ती बसली. तेव्हा तिला कळले. खुर्ची तो स्वतःसाठी मागतच नव्हता. दोन वर्षांच्या भरकटण्यानंतर एक शब्द आपल्या वस्तूपाशी अचूक पोचला होता, आणि त्याचा अर्थ इतरांसारखाच तिलाही कळला नव्हता.

ऑगस्टिन खुर्चीच्या पाठीला धरून उभा राहिला. मग मोठ्या कष्टाने समोर येऊन, डाव्या पायावर सारा भार घेऊन, तिच्यापुढे वाकला. रंगभूमीवरच्या राण्यांपुढे नट वाकतात तसा.

जुन्या नटांनी आधी टाळ्या वाजवल्या. ते तिला ओळखत होते. त्यांचे कितीतरी शब्द अडकलेले क्षण तिने अंधारातून सोडवले होते. मग खालच्या रांगा, मग सज्जे. हा गजर आधीच्यासारखा नव्हता. तो सावकाश आला, भरून आला, आणि बराच वेळ थांबला नाही.

“बाईसाहेब, काहीतरी बोला,” क्रेल विंगेतून म्हणाला.

हेस्टरने तोंड उघडले. भरदार आवाज तिच्या गळ्यात नव्हताच. आयुष्यभर तिने तो वापरला नव्हता.

“आभारी आहे,” ती कुजबुजली.

आणि इतके निःशब्द झाले होते ते सारे नाटकगृह, की ते दोन शब्द सगळ्यात वरच्या, स्वस्तातल्या बाकांपर्यंत पोचले.

बाहेर आले तेव्हा संध्याकाळ उतरत होती. घोडागाडीत तिने त्याच्या पायांवर घोंगडी टाकली. त्याने काही मागितले नाही. तिने काही सुचवले नाही. त्याचे डोके हळूहळू तिच्या खांद्यावर कलले, जड झाले, झोपले.

“सावकाश घ्या हो,” ती गाडीवानाला म्हणाली. “घाई नाही.”

घोडाही दमलेला होता. ओल्या दगडांवर त्याच्या टापा पडत गेल्या. मंद, मग अधिक मंद. धुक्यात रस्त्याकडेचे दिवे लागत होते, प्रत्येकाभोवती एक सोनेरी, सुजलेले वलय. तिने एक पाहिला, दुसरा पाहिला, तिसरा अर्धाच पाहिला. आणि त्या अर्ध्या दिव्यापाशी तिच्याही पापण्या मिटल्या, आणि गाडी धुक्यातून जात राहिली, हलकेच डुलत, हलकेच, दोन थकलेल्या श्वासांना घेऊन.