हरकाचा पहिला घास

भेरे सरांनी तपासायला आलेल्या मुद्रिताच्या अकराव्या पानावर पेन्सिल टेकवली, उचलली, पुन्हा टेकवली. वाक्य जागेवरच होते. 'बुरशी दिसत नसल्यास धान्य खाण्यास निर्धोक समजावे.' त्याच्या वर, ठळक टाइपात, त्यांनी दोन आठवडे शोधून निवडलेला शब्द होता: कवकविष. त्या पानाकडे पाहिले की त्यांना एक पत्र आठवे, ज्याला त्यांनी उत्तर दिले नव्हते.

पत्र टेबलाच्या खणात होते. खण उघडण्याची गरज नव्हती. ते त्यांना पाठ होते.

'ती. सरांना जनीचा नमस्कार. तुमची धान्याची पुस्तिका आमच्या अंगणवाडीत आली. पान अकरा मी चार वेळा वाचले. सर, कवकविष म्हणजे नक्की काय? ते डोळ्यांना दिसते का? आमच्याकडे नवा हरीक शिजला की पहिला घास सासूबाई खातात. बाकीचे सगळे एक रात्र थांबतात. सकाळी त्या धड उठल्या की मग इतरांची ताटे वाढायची. यंदा त्या उठल्या नाहीत. दोन दिवस चक्कर येऊन पडून होत्या. आता बऱ्या आहेत. पण दर वर्षी हे असेच चालायचे का? तुम्ही लिहिलेत तर त्या थांबतील. छापील माणसाचे त्या ऐकतात.'

पत्र नोव्हेंबर चौऱ्याण्णवचे होते. आता दोन हजार तीन साल संपत आले होते.

जनी त्यांची शहापूरच्या हायस्कुलातली विद्यार्थिनी. उंबरमाळीच्या अलीकडच्या एका पाड्यातून चालत येणारी, पहिल्या बाकावर बसून शेवटचा प्रश्न विचारणारी. लग्न होऊन ती मुरबाड तालुक्यातल्या एका डोंगरवाडीत गेली आणि तिथे अंगणवाडी सेविका झाली. तिला उत्तर द्यायचे नव्हते असे नाही. पत्र आले त्याच आठवड्यात सर लिहायला बसले होते. 'चि. जनीस अनेक आशीर्वाद' इथपर्यंत हात चालला आणि थांबला. ते दिसते का? पुस्तिका लिहिताना हा प्रश्न त्यांना पडलाच नव्हता. त्यांनी एका शेतकी महाविद्यालयातल्या प्राध्यापकांना विचारले. चार महिन्यांनी पोस्टकार्ड आले: बुरशी डोळ्यांना दिसेलच असे नाही, दाणा वरून स्वच्छ असला तरी विष आत उरू शकते, धुऊन वा शिजवून ते जाईल याची खात्री नाही.

म्हणजे छापलेले वाक्य चूक होते. हे कळवायला आधीच चार महिने उशीर झाला होता. उशिराबद्दल काय लिहावे, याचा विचार करण्यात आणखी सहा महिने गेले. नंतर मात्र त्यांना एकच भीती वाटू लागली. आपण लिहू आणि उलट उत्तर येईल, सासूबाई मागच्याच साली गेल्या.

आता शेतकऱ्यांच्या संघाने पुस्तिकेची दुसरी आवृत्ती काढायचे ठरवले होते. पंधरवड्यात मुद्रिते परत पाठवायची होती.

"आप्पा, अजून अकरावंच पान?" नम्रताने चहा ठेवला. त्यांची सून भातसानगरच्या ऑफिसात कारकून होती आणि कागद पडून राहिलेला तिला खपत नसे.

"एक वाक्य तपासतोय."

"काल पण तेच तपासत होता. चूक आहे का ते?"

"आहे."

"मग खोडा."

सरांनी चष्मा काढून पुसला. "खोडायच्या आधी एक बाई जिवंत आहेत का ते बघायला हवं," ते म्हणाले.

सकाळी नम्रताने प्रवासाच्या डब्यात चार पोळ्या जास्त ठेवल्या.

मुरबाडला गाडी बदलून, टोकावड्याच्या पुढे उतरून सर तासभर चालले. खिशात एक चिठ्ठी होती. शाळेत असतानाही चार वाक्ये बोलायची असली तरी ते ती लिहून नेत. 'जनी, मला उशीर झाला, त्याबद्दल' अशी चिठ्ठीची सुरुवात होती.

वाडीच्या तोंडाशीच, पहिल्या घरासमोर, खळे होते. मधोमध मळून काढलेल्या हरकाची रास, मोहरीएवढ्या तपकिरी दाण्यांच्या त्या डोंगरी भरडधान्याची. खळ्याच्या बाहेर, उताराच्या बाजूला, आणखी एक लहान ढीग होता आणि त्याभोवती बोरीच्या काट्या रचलेल्या होत्या. राशीपाशी एक म्हातारी सूप घेऊन पाखडत बसली होती.

"बाई, अंगणवाडीच्या जनीच्या सासूबाई, भिमीबाई, त्यांचं घर कुठलं?"

"कशाला पायजे भिमी?"

"भेटायचं होतं."

"आन ती मेली आसंल तर?"

सरांचा हात खिशातल्या चिठ्ठीवर गेला आणि तिथेच राहिला. म्हातारीने त्यांचा चेहरा नीट पाहिला आणि सूप खाली ठेवले.

"आरं बस रे, बस. मीच ती. थट्टा केली. तोंड बघ कसा झालाय. जनी, पाणी आण गो. कोन म्हातारा आलाय, पडंल इथंच."

सर खळ्याच्या कडेला दगडावर बसले.

जनी तांब्या घेऊन आली आणि दाराशीच थबकली. केसांत पांढरे आले होते, पण मान तिरकी करून बघायची सवय तीच होती.

"सर?" ती म्हणाली आणि तांब्या हातात तसाच ठेवून वाकली. पाणी त्यांच्या पायांवर सांडले.

"कागदवाले मास्तर ते हेच का गो?" भिमीने विचारले.

"हो आत्या. भेरे सर."

"मला वाटला, जाडजूड आसंल. इतका छापतो मानूस."

भाकर झाली, आमटी झाली. वाडीतले कोण काय करते, नवसू म्हणजे जनीचा नवरा लाकडांच्या मापाला गेलाय, हेही सांगून झाले. चिठ्ठी खिशातच होती. शेवटी जनीच म्हणाली,

"सर, आता आलाच आहात तर सांगा ना आत्यांना. देवदिवाळीला नवा शिजेल. ऐंशी वर्षांच्या झाल्या. मी म्हणते, मी खाते आधी. ऐकत नाहीत."

"तू खाशील आन काय झाला तर पोरांना कोन बघंल?" भिमी म्हणाली. "आन तो माझा मान हाय. माझ्या सासूचा होता, तिच्या सासूचा होता. मी गेल्यावर घे तुझा."

"सर, सांगा."

सरांनी तोंड उघडले.

"काय सांगंल तो?" भिमीने पुन्हा सूप उचलले होते. "मी पन्नास साल पयला घास खाते. एकदा पडली. कवा? त्या साली कापनीला पाऊस आला. मी बोलली होती, भिजलेला हरीक वायला ठेव. हिनं चांगल्यात एक केला. बोलली, कागदात लिवलंय, बुरशी दिसत नाय त चालतो."

सूप एका लयीत चालू होते. कोंडा उडत होता.

"आत्या, जाऊ द्या ते," जनी हळूच म्हणाली.

"जाऊच दिला ना. नऊ सालात कवा बोलली का मी? आज मास्तर आलाय म्हनून बोलली."

सरांनी जनीकडे पाहिले. ती जमिनीवर पडलेले दाणे एक एक करून वेचत होती.

"हे पत्रात नव्हतं," ते म्हणाले.

"कसं लिहिणार, सर? तुमचं वाक्य चुकलं म्हणून मी लिहायचं? म्हणून मग नुसतं विचारलं, दिसतं का."

"आणि मी उत्तर नाही दिलं."

"तुम्ही वर्गातही असेच होतात. प्रश्न विचारला की खिडकीबाहेर बघत बसायचात आणि दुसऱ्या दिवशी येऊन सांगायचात. मला वाटलं, विचार करत असतील."

"दुसऱ्या दिवशी सांगायचो."

"हां. या वेळी जरा लांबलं," जनी म्हणाली, आणि पहिल्यांदाच हसली.

सर उठले. काट्यांच्या कुंपणापाशी गेले, हात आत घालून लहान ढिगातले मूठभर दाणे घेतले आणि उन्हात तळहात पसरला. दाणे कोरडे होते, चकचकीत होते. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवून डोळ्यांजवळ नेले. पांढरे नाही, हिरवे नाही, कुठे काही नाही.

"तो यंदाचा भिजलेला," मागून भिमी म्हणाली. "ढीग आतून तापला होता. आमी त्याला माजरा म्हनतो. खाल्ला का मानूस झिंगतो, हातपाय कापतात, जीभ जड होती. गुरांना बी नाय द्यायचा. म्हनून काट्या."

"काहीच दिसत नाही," सर म्हणाले.

"दिसला आसता त पयला घास कशाला लागला आसता, मास्तर?"

त्यांनी मूठ जपून ढिगावर रिकामी केली आणि हात धोतराला पुसले. मग पुसलेले हात पुन्हा एकदा पाहिले. जनीने तांब्यातले उरलेले पाणी त्यांच्या हातांवर घातले, त्यांनी न सांगता.

शेवटच्या गाडीसाठी निघायची वेळ झाली. जनी रस्त्यापर्यंत सोडायला येणार होती. भिमी सुपावरून मान वर न करता म्हणाली,

"कागदातला काय काढायचा तो काढा. माझा घास काढू नका."

दुसऱ्या दिवशी सरांनी अकराव्या पानावरचे ते वाक्य खोडले. एकच सरळ रेघ, पट्टी लावून. समासात नवी व्याख्या लिहिली. बुरशीमुळे धान्यात तयार होणारे विष. धान्य स्वच्छ दिसले तरी ते असू शकते. कापणीच्या वेळी भिजून तापलेला ढीग पूर्णपणे वेगळा ठेवावा, माणसांना व गुरांना देऊ नये. मुरबाडच्या डोंगरवाड्यांत अशा हरकाला 'माजरा' म्हणतात आणि तो ओळखण्याची रीत तिथल्या बायकांना छापील पुस्तकांच्या आधीपासून ठाऊक आहे. शेवटचे वाक्य पुस्तिकेला शोभेल का, अशी शंका त्यांना आली. ती त्यांना नेहमीच येत असे. त्यांनी वाक्य तसेच ठेवले.

मग त्यांनी आंतर्देशीय पत्र समोर घेतले. या वेळी कच्चा मसुदा केला नाही.

'चि. जनीस अनेक आशीर्वाद. तुझे पत्र मिळाले. तुझ्या प्रश्नाचे उत्तर असे की, ते दिसत नाही. पुस्तिकेतले वाक्य माझे होते आणि ते चूक होते. त्या चुकीने तुझ्या सासूबाई दोन दिवस पडून होत्या, आणि त्यांनी आधी खाल्ले नसते तर सगळे घर पडले असते. हे मला तिथे बोलता आले नाही, म्हणून लिहितो.

आता पुढचे सासूबाईंना वाचून दाखव. देवदिवाळीला मी येतो. रात्री तुमच्याकडेच राहीन, सकाळी उठून जाईन. पहिला घास त्यांचा आहे, तो मी मागत नाही. त्यातला अर्धा मला द्यावा. परका माणूस म्हणून नको म्हणाल्या, तर त्यांना सांग, वाक्य याचेच होते.'

पत्र चिकटवून ते पोस्टापर्यंत चालत गेले. पोस्टमन सायकलला थैली बांधत होता.

"मुरबाडच्या पुढे, डोंगरातल्या वाडीत जायचंय," सर म्हणाले. "किती दिवस लागतील?"

"चार. फार तर पाच."

"देवदिवाळीच्या आत पोचेल?"

"पोचेल की, सर. अजून भरपूर दिवस हायेत."

सरांनी तरीही बोटांवर दिवस मोजले, आणि पत्र पेटीत टाकले.