नग क्रमांक एक

"तपासनीस, रंभा पुंडलिक घरत." फाटकावरच्या शिपायानं पत्रातलं नाव वाचलं आणि जीपमध्ये डोकावून पाहिलं. "तपासनीस बाई कुठायत? आल्या नाय?"

"आल्यात की," मागच्या बाकावरून काळुराम म्हणाला.

शिपायाची नजर रंभाच्या पिकल्या केसांवरून तिच्या मांडीवरच्या पेटीवर गेली. "मावशी, डबे आत न्यायचे नायत. चहापाण्याची सोय आतच हाय."

"डबा नाय रे, मापाची हत्यारं हायत. आनि मावशी पन मीच, तपासनीस पन मीच. उघडून बघतोस?"

काळुराम फिसकन हसला. पुढे बसलेले हैबतराव मात्र हसले नाहीत. त्यांच्या मांडीवर एक सीलबंद खोकं होतं आणि रोह्यापासून इथवर त्यांनी दोन्ही हात त्यावरून काढले नव्हते. शिपायानं तिघांची ओळखपत्रं पत्राशी ताडून पाहिली, खोक्यावरचा क्रमांक दोनदा वाचला आणि फाटक उघडलं.

खांबच्या पुढे महामार्ग सोडून आत वळलं, की डोंगराच्या पोटाशी पोलिसांचं गोळीबाराचं मैदान लागतं. रंभा आयुष्यात पहिल्यांदाच इथे येत होती. नेहमीची गाडी सोडून ती पेणहून आधीच्याच गाडीनं निघाली होती. निडीला गाडी क्रॉसिंगसाठी अकरा मिनिटं थांबली, तेव्हा तिनं दारात उभं राहून सिग्नलला मनातल्या मनात शिव्या घातल्या होत्या. सत्तावन्नाव्या वर्षी हे बरं नव्हे, असं तिचं तिलाच वाटलं होतं आणि तरी हसू आलं होतं.

खोक्यात सप्रेसर होता. रायफलीच्या नळीच्या तोंडावर बसवायचं, वीतभर लांबीचं काळं नळकांडं. कारखान्यात सगळे त्याला सायलेन्सरच म्हणत.

हैबतरावांचा रोह्याचा कारखाना लहान. तीस वर्षं तिथे केमिकल कंपन्यांच्या पंपांचे बुश आणि व्हॉल्व्ह बनत आले होते. मग हैबतरावांच्या मनानं घेतलं, की आपण याहून बारीक काम करू शकतो. परवान्याची फाइल तीन वर्षं फिरली. परवाना मिळाला तेव्हा कारखान्यात दोन किल्ल्यांचं लोखंडी कपाट आलं, प्रत्येक नगाला क्रमांक आला आणि नगाला हात लावू शकणाऱ्या चार माणसांची यादी भिंतीवर लागली. त्या यादीत काळुरामच्या खाली रंभाचं नाव होतं. काळुराम लेथवर नग घडवी. रंभा तो मापे. ती 'बरोबर' म्हणाली, तरच नग दाराबाहेर जाई.

तिच्या भावानं, दाजीनं, एकदा विचारलं होतं, "ताय, एखादा आमच्या ठासनीच्या बंदुकीला पन लाव ना. एक डुकर पडला तरी बाकीचे पलनार नाय."

"लावते की. मग तू आत नि मी पन आत. डबा कोन आननार आपल्याला? साध्या मानसाला ती वस्तू ठेवताच येत नाय, दाजी. परवाना असला तरी नाय."

आज नग क्रमांक एक पहिल्यांदा खऱ्या रायफलीवर बसणार होता.

पत्र्याच्या शेडमध्ये दोन माणसं वाट पाहत होती. एक निंबाळकर साहेब, इस्त्रीचा गणवेश आणि हातात फाइल. दुसरे शस्त्रागाराचे हवालदार पोपट शिर्के, पोट सुटलेले आणि तोंड सतत चालू. टेबलावर वाळूच्या पिशव्यांमध्ये रायफल ठेवलेली होती. नळीचं तोंड समोरच्या मातीच्या बांधाकडे होतं.

"या, या! नवरदेव तयार हाय, नवरी आनली का?" शिर्के म्हणाले.

"आनली," हैबतरावांनी खोकं टेबलावर ठेवलं.

शिर्क्यांची थट्टा तिथेच थांबली. त्यांनी मॅगझिन काढून बाजूला ठेवलं, बोल्ट मागे ओढला, आत बोट घालून पाहिलं आणि रायफल साहेबांना दाखवली. मग रंभालाही. "बघा बाई. बघून तोंडानं बोला."

रंभानं वाकून पाहिलं. आत काही नव्हतं. "मोकली," ती म्हणाली.

"मोकळी!" साहेबांनी मोठ्यानं म्हटलं आणि कागदावर वेळ टाकली.

"चार वाजता ही रायफल शस्त्रागारात परत जमा व्हायला हवी," ते म्हणाले. "आज राहिलं, तर पुढची तारीख तीन महिन्यांनी. आणि रांगेत आणखी एक कंपनी आहे, हे तुम्हाला माहीत आहे."

हैबतरावांना ते इतकं माहीत होतं, की त्यांनी नुसती मान हलवली.

शिर्क्यांनी सप्रेसर नळीवर फिरवत फिरवत बसवला. आटे लोण्यासारखे चालले. काळुरामची छाती फुगलेली रंभाला न बघताही कळली. शेवटचा वेढा घट्ट झाला आणि शिर्के मागे सरले. "बसला."

"थांबा, मी म्हटल्याबिगर बसला नाय," रंभा म्हणाली.

तिनं पेटीतून घासून आरशासारखी केलेली पोलादी सळई काढली. ही सळई नळीच्या मागच्या अंगानं घालायची आणि ती सप्रेसरच्या पुढच्या भोकातून दिसते तिथे टॉर्च मारून बघायचं. गोळी ज्या वाटेनं जाणार, त्याच वाटेनं सळई जाते. सळईभोवती सगळीकडून सारखी फट दिसली, तर वाट सरळ. गोळी आतल्या पडद्यांना घासली, तर नळकांडं फुटतं आणि फुटलेलं लोखंड कुणीकडे जाईल, ते कुणाला सांगता येत नाही. काल कारखान्यात नमुन्याच्या नळीवर तिनं हीच तपासणी तीनदा केली होती. तिन्ही वेळा गोल कडं दिसलं होतं.

आज तिला चंद्रकोर दिसली.

तिनं चष्मा पुसला. सळई काढली, पुसली, पुन्हा घातली. एका बाजूची फट जाड होती, दुसऱ्या बाजूची दोऱ्याएवढी.

"काय गो?" हैबतरावांनी विचारलं.

"एका अंगाला झुकलाय."

काळुराम पुढे झाला. "नाय बाय, हुईलच कसा? आटे मी पाडलेत."

"काल सरल होता. आज नाय."

निंबाळकर साहेबांनी स्वतः वाकून पाहिलं. "सळई कुठे टेकत तर नाही. फट आहे सगळीकडे. काल तुम्हीच सही केलीय, बाई. एवढा फरक चालून जाईल."

"आपल्याकडचा कागद काय सांगतो, साहेब? फट सगळीकडून सारखी."

"कागद मीही वाचलाय."

"बुडाला केसाएवढा कल असला, तर वीतभर पुढं त्याचे पाच-सा केस होतात," रंभा म्हणाली. "ही सलई थंड हाय नि हलत नाय. गोली तशी नाय."

साहेबांनी घड्याळ पाहिलं. हैबतराव खुर्चीवर बसले. रंभानं त्यांच्याकडे पाहायचं टाळलं. शेवटी शिर्केच बोलले. "साहेब, माफी असावी. दस्त्याला गाल माझा लागनार हाय. बाई नको म्हनतात तर नको."

"काढा तो," रंभा म्हणाली.

सप्रेसर तिच्या हातात आला. तिनं पांढरं फडकं बोटाला गुंडाळलं आणि नळीला टेकून बसणारी त्याची आतली कड एकदा सावकाश पुसली.

फडक्यावर लाल-पिवळा चट्टा उमटला.

काळुरामनं पुढे होऊन त्यावर तळवाच ठेवला. "गंज असंल. नायतर कपाटाचा रंग. साहेब, माझ्याच हातचा लागला असनार, मी सकाली—"

"हात काढ, काळुराम."

"बाय, गप ना गो," तो दातांतल्या दातांत म्हणाला.

पण रंभाला त्या चट्ट्याकडे पाहताक्षणी सगळं आठवलं होतं.

ती सव्विसाव्या वर्षी विधवा झाली. पुंडलिक मिठागरावर होता, कावीळ झाली, पंधरा दिवसांत गेला. तेव्हापासून गावातल्या प्रत्येक लग्नात हळद लागताना ती मांडवाच्या कडेला भांडी मोजत उभी असे. सख्ख्या पुतणीच्या लग्नातसुद्धा. पुंडलिकच्या मागं वर्षभरानं, बारावी सायन्सच्या गुणपत्रिकेवर ती कारखान्यात लागली. त्याच महिन्यात नवा लेथ आला. हैबतरावांनी हळदकुंकवाची वाटी तिच्यापुढे धरली. "लाव गो." ती मागे सरली. "शेठ, मी कशी लावू? माझा नवरा..." तर हैबतराव म्हणाले, "मशीनला कोन नवरा हाय? लाव."

तेव्हापासून तीस वर्षं नव्या कामाचा पहिला नग तिच्या हातचं हळदकुंकू लागल्याशिवाय बाहेर गेला नव्हता. पंपाच्या बुशवर कुंकवाचं बोट लागलं, तर काय बिघडणार होतं? नेहमी ती बाहेरच्या अंगाला लावी. आज सकाळी आनंदाच्या भरात काळुरामनं नग उभा धरला आणि तिनं वरच्या कडेलाच बोट टेकवलं. कडेला तेल होतं. तेलात ते बसलं, थापलं गेलं. बाहेरचं पुसून तिनं नग खोक्यात घातला होता. कड पाहायची राहिली होती. चूक तिची.

"कुंकू हाय, साहेब," ती म्हणाली. "मीच लावलंय, आज सकाली. तपासनी झाल्यावर."

निंबाळकर साहेब मोठ्यानं हसले. सुटका झाल्याचं हसू होतं ते. "एवढंच ना? पुसा, पुसा! मला वाटलं, घडणच चुकली."

रंभानं स्पिरिटनं कड पुसली, भिंगाखाली पाहिली, नळीची कडही पुसली. शिर्क्यांनी पुन्हा रायफल मोकळी असल्याचं दाखवलं, पुन्हा नग फिरवत बसवला. रंभानं सळई घातली आणि टॉर्च धरली.

गोल. सगळीकडून सारखं, बारीक, चकाकतं कडं.

"आता बसला," ती म्हणाली आणि काळुरामनं टेबलावर अशी थाप मारली, की टॉर्च उडाली.

सगळे पांढऱ्या रेषेमागे गेले. कानांवर आवरणं चढली. शिर्के रायफल घेऊन जमिनीवर पालथे झोपले, पाय फाकवले, गाल दस्त्याला लावला. त्याआधी फरक कळावा म्हणून नग न लावता झाडलेल्या दुसऱ्या रायफलीचा आवाज रंभाच्या छातीच्या फासळ्यांपर्यंत पोचला होता. डोंगरानं तो तीनदा परत पाठवला होता.

"फायर!"

तडाखा झाला. पण तो पुढे, हवेत झाला. गोळी आवाजाच्याही पुढे धावते, तेव्हा हवा फाटते. तेवढं फाटणं राहणारच, हे रंभानं पुस्तकात वाचलं होतं. नळीच्या तोंडाशी मात्र भरली उशी आपटावी, तसा 'धप्' झाला, बस्स. छातीत काही पोचलं नाही. बांधाच्या पलीकडे शेतात चरणाऱ्या म्हशींनी मानसुद्धा वर केली नाही.

"आईशप्पत!" शिर्के पडल्या पडल्या ओरडले. "साहेब, आनखी झाडतो!"

दुसरी, तिसरी, दहावी. दर खेपेला रंभा मनात धपका मोजत होती, वीस झाले तेव्हा ती उड्या मारायचीच बाकी होती. नग उतरवून पुन्हा सळई घातली. कडं तसंच होतं. समोरच्या कागदावर सगळी भोकं तळहाताएवढ्या जागेत पडली होती. हैबतराव रुमालात तोंड खुपसून बसले होते आणि काळुराम त्यांच्या पाठीवर हात फिरवत स्वतःच नाक ओढत होता. "शेठ, रडताय काय? पेढे कुठायत पेढे?"

अडीच वाजता साहेबांनी कोरा फॉर्म रंभापुढे सरकवला. "हा नवा घ्या. आधीच्यावर पहिल्या वेळेची नोंद झालीय, तो फाडू. पास झालाय, तेवढंच लिहा."

"आधीचाच द्या, साहेब."

"अहो, तुमच्याच भल्यासाठी सांगतोय. तीस वर्षांत तुमच्या नावावर एक नापास नाही, असं शेठ सांगत होते."

"नव्हता," रंभा म्हणाली. "आता हाय."

साहेबांनी जुना फॉर्म दिला. शिर्के तोवर साहेबांच्या मागे अटेन्शनमध्ये उभे राहिले होते. कुणी सांगितलं नव्हतं.

फॉर्मवर रकाने होते. पहिली जोडणी : नापास. कारण : बसण्याच्या कडेवर हळदकुंकू. जबाबदार : रंभा पुंडलिक घरत. तिचं अक्षर नेहमीसारखं सुटं आणि सरळ होतं. शेवटचा रकाना होता, पुन्हा घडू नये म्हणून उपाय. तिथे तिचं पेन थांबलं. काळुराम पाठीमागून वाचत होता.

"लिव ना, बाहेरच्या अंगाला लावावं म्हनून," तो हळूच म्हणाला. "तेवढं चालंल."

रंभानं लिहिलं : यापुढे कोणत्याही नगाला हळदकुंकू लावू नये.

हैबतरावांनी कागद हातात घेतला, चष्म्याशी नेला आणि बराच वेळ धरून ठेवला. "एवढं कशाला गो लिवलंस?" ते म्हणाले. "ते तर तुझं..." रंभानं त्यांच्या हातातून कागद अलगद सोडवला आणि सही केली.

वीस दिवसांनी ऑर्डर आली. त्याच आठवड्यात तिचा पहिला नग, क्रमांक दोन, लेथवरून उतरला. रंभानं तो मापला, कड भिंगाखाली पाहिली, कागद भरला आणि म्हणाली, "बरोबर."

मशिनं बंद झाली. हात पँटला पुसत काळुराम आला, त्याच्यामागून बाकीचे पाच जण आले आणि नेहमीसारखे तिच्या टेबलासमोर ओळीनं उभे राहिले. कोपऱ्यातल्या कुणीतरी टोपीही काढली. मग एकेकाच्या लक्षात यायला लागलं.

रंभानं हातमोजे चढवले. नग मधोमध धरून उचलला, खोक्यात ठेवला, झाकण लावलं, सील केलं आणि क्रमांक लिहिला.

"घेऊन जा," ती म्हणाली.

ते आणखी थोडा वेळ तसेच उभे होते. मग काळुराम वळला आणि त्यानं लेथ सुरू केला.